मावशी फ्रेममध्ये असताना बघणार कोण? विजया मेहता, ‘रावसाहेब’ आणि बडोद्यातला एक वाडा

प्रकरण असं आहे. रंगभूमीवर नाव कमावलेली एक अभिनेत्री चित्रपट दिग्दर्शित करते आणि त्यातली एक मोठी भूमिकाही स्वतःच करते. कॅमेरा सुरू झाला की तिला कॅमेऱ्यासमोर उभं राहावं लागतं, आणि नेमक्या त्याच वेळी कॅमेऱ्यामागची तिची खुर्ची रिकामी होते. समोरच्या नटाचं चुकलं की बरोबर आलं, स्वतःचा आवाज चढला की पडला, पदर कुठे होता, हे सगळं त्या अर्ध्या मिनिटात कोणी पाहिलं? विजया मेहतांनी ‘रावसाहेब’ दिग्दर्शित केला आणि त्यात मावशीची भूमिकाही केली. १९८५ सालच्या ३३ व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत त्यांना सर्वोत्कृष्ट सहाय्यक अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला तो याच भूमिकेसाठी. म्हणजे हा पेच सुटू शकतो. तो कोणत्या निर्णयांमुळे सुटतो, आणि आज बडोद्यात पहिला लघुपट करू पाहणाऱ्या रंगकर्मी बाईला त्यातलं काय उचलता येईल, हे इथे पाहायचं आहे.

बडोदं निवडलं त्याला कारण आहे. विजयाबाईंचा जन्म ४ नोव्हेंबर १९३४ चा, बडोद्याचा. तेव्हा हे संस्थान होतं आणि गादीवर तिसरे सयाजीराव होते. याच गावच्या कलाभवनात दादासाहेब फाळके शिकले. दांडिया बाजार, रावपुरा, मांडवी या भागांत अजूनही मराठी घरं आहेत, चौकाचे वाडे आहेत, हौशी नाटकाची हौस आहे. ‘रावसाहेब’सारखी गोष्ट जिथे घडू शकते तसा वाडा इथे सेट लावून उभा करावा लागत नाही. अडतं ते पुढे.

आधीची वाट

माहेरच्या विजया जयवंत, नंतर विजया खोटे, मग विजया मेहता. ‘रंगायन’ या नाट्यसंस्थेच्या काळातले जुने कागद चाळताना ही तीन नावं एकाच बाईंची आहेत हे लक्षात ठेवावं लागतं. इब्राहिम अल्काझी आणि आदी मर्झबान यांच्याकडे त्यांनी नाट्यशिक्षण घेतलं. विजय तेंडुलकर, अरविंद देशपांडे, श्रीराम लागू यांच्यासह ‘रंगायन’ उभी केली. खानोलकरांचं ‘एक शून्य बाजीराव’ बसवलं, ब्रेख्तचं ‘अजब न्याय वर्तुळाचा’ मराठीत आणलं. दिग्दर्शनासाठी त्यांना १९७५ साली संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला.

त्यामुळे ‘अभिनेत्री पुढे दिग्दर्शिका झाली’ हे वाक्य त्यांच्या बाबतीत नीट बसत नाही. चित्रपटाकडे वळल्या तेव्हा दिग्दर्शनाचा वीस-पंचवीस वर्षांचा अनुभव त्यांच्या गाठीशी होता. नवं होतं ते माध्यम. आणि ते माध्यमही त्यांनी दोन्ही बाजूंनी समजून घेतलं. श्याम बेनेगलांच्या ‘कलयुग’मध्ये (१९८१) आणि गोविंद निहलानींच्या ‘पार्टी’मध्ये (१९८४) त्या कॅमेऱ्यासमोर होत्या. या दोहोंच्या मध्ये लक्ष्मीबाई टिळकांच्या आत्मचरित्रावरून त्यांनी दूरदर्शनसाठी ‘स्मृतिचित्रे’ हा चित्रपट केला. त्यातही सुहास जोशींच्या बरोबरीने त्या स्वतः होत्या. ‘रावसाहेब’ आला तो यानंतर. हा क्रम फार मोलाचा आहे असं आम्हाला वाटतं. दुसऱ्याच्या सेटवर नटी म्हणून बसलेलं माणूस एका शॉटला किती वेळ लागतो, दिवे लावताना नट कसा थंड होतो, संवाद तुकड्यातुकड्यांत म्हणताना सूर कसा हरवतो, हे अंगावर घेऊन शिकतं.

एक आठवण इथे करून द्यायला हवी. विजयाबाईंचे पहिले पती हरिन खोटे हे दुर्गाबाई खोट्यांचे चिरंजीव. आणि दुर्गाबाईंनी १९३७ साली ‘साथी’ची निर्मिती आणि दिग्दर्शन केलं होतं. पडद्यावरच्या बाईने कॅमेऱ्यामागे जायचं हे त्या घराला नवं नव्हतं.

‘बॅरिस्टर’चा ‘रावसाहेब’ होताना

मूळ नाटक जयवंत दळवींचं ‘बॅरिस्टर’. विलायतेत शिकून आलेला, विचारांनी सुधारक असलेला बॅरिस्टर. त्याच्या वाड्यातली विधवा मावशी. त्याच वाड्यात राहणारं एक जोडपं, आणि नवरा गेल्यावर केशवपनाच्या तोंडाशी येऊन ठेपलेली तरुण राधा. सुधारणेची भाषा करणारा माणूस प्रत्यक्ष पाऊल टाकायची वेळ आली की कोसळतो. घराण्यातल्या वेडाची सावली त्याच्या डोक्यावर पहिल्यापासून असते. रंगमंचावर विजयाबाईंनीच हे नाटक बसवलं. बॅरिस्टर विक्रम गोखले, राधाक्का सुहास जोशी, आणि मावशी स्वतः विजयाबाई.

चित्रपटात बॅरिस्टर झाले अनुपम खेर, आणि तरुण विधवा झाल्या तन्वी आझमी. मावशी तीच राहिली. या प्रकरणाची किल्ली आम्हाला इथे दिसते. भाषा हिंदी झाली, प्रेक्षक बदलला, दोन मध्यवर्ती नट नवे आले. दिग्दर्शिकेची नजर सतत लागणार होती ती या दोघांवर. स्वतःसाठी त्यांनी ठेवली ती भूमिका रंगमंचावर प्रयोगांमागून प्रयोग करून मुरलेली. कुठे बसायचं, कुठे उठायचं, राधेकडे पाहताना मान किती वळवायची, हे मावशीच्या बाबतीत अंगात भिनलेलं होतं. चित्रीकरणाच्या दिवशी मावशीला शोधायचं नव्हतं, फक्त आकाराने लहान करायचं होतं. आवाज शेवटच्या रांगेसाठीचा होता तो समोरच्या माणसापुरता आणायचा, हात खांद्यापासून उचलायची सवय होती तिथे मनगट पुरेसं आहे हे ठरवायचं. नवी भूमिका घडवणं आणि मुरलेली भूमिका लहान करणं यांत जमीनअस्मानाचं अंतर आहे. दुसरं काम नजर थोडी बाजूला असतानाही होतं, पहिलं होत नाही.

दुसरा निर्णयही तितकाच शहाणपणाचा. मावशी ही मध्यवर्ती भूमिका नाही. ती गोष्टीचा कणा आहे, पण गोष्ट तिच्यावर बेतलेली नाही. दिग्दर्शिकेने मुख्य भूमिका घेतली की जवळजवळ प्रत्येक दृश्यात तिची खुर्ची रिकामी. सहाय्यक भूमिका घेतली तर निम्म्याहून जास्त वेळ ती मागे बसू शकते. पुढच्या ‘पेस्तनजी’त तर त्यांनी स्वतः भूमिकाच केली नाही. नसीरुद्दीन शाह, अनुपम खेर, शबाना आझमी, किरण खेर अशी चौकडी, पारशी घरातली गोष्ट, पारशी हेलाची हिंदी. तिथे नटांच्या जिभेवरचा प्रत्येक हेल ऐकायला कान मोकळा ठेवणं जास्त गरजेचं होतं, असा अर्थ आम्ही लावतो. १९८७ सालच्या सर्वोत्कृष्ट हिंदी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार त्याला मिळाला.

‘रावसाहेब’ला कलादिग्दर्शनाचाही राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, तो शाम भुतकरांना. याकडे सहसा कोणी फार लक्ष देत नाही. नाटकात वाड्याला तीन भिंती असतात, चौथ्या भिंतीच्या जागी प्रेक्षक बसतो. चित्रपटात चौथी भिंतही लागते, कारण मावशी बोलत असताना राधा कुठे बघते आहे हे दाखवायचं तर कॅमेरा प्रेक्षकांच्या जागेवरून उठून राधेच्या मागे जातो. नाटकातून आलेल्या दिग्दर्शिकेचा पहिला चित्रपट ‘नाटकी’ वाटतो तो बहुतेक वेळा संवादांमुळे नव्हे. सगळी माणसं एका बाजूला तोंड करून बसलेली असतात म्हणून. नाटकातला नट अर्धवट प्रेक्षकांकडे वळून बोलतो. ती सवय नटांच्या अंगातून काढण्याआधी दिग्दर्शिकेने आपल्या आराखड्यातून काढावी लागते.

तेव्हाचा हिशेबही ध्यानात घ्या. ३५ मिलिमीटरची फिल्म मिनिटाला ९० फूट जाते. हजार फुटांचा डबा अकरा मिनिटांत संपतो. दोन तासांचा चित्रपट म्हणजे १०,८०० फूट, आणि पाचपट चित्रीकरण धरलं तर ५४,००० फूट कच्ची फिल्म. शिवाय घेतलेला शॉट लगेच पाहायची सोय नाही. प्रयोगशाळेतून धुऊन आल्यावरच काय झालं ते कळायचं. अशा वेळी स्वतः अभिनय करणाऱ्या बाईला तालमीशिवाय आधार नसायचा. आज फिल्मचा खर्च नाही, शॉट तिथल्या तिथे पाहता येतो, आणि गंमत म्हणजे पहिल्यांदा करणाऱ्यांचा घात याच सोयीने होतो.

बडोद्यात हेच करायचं तर

एक नमुना धरू. वीस मिनिटांचा लघुपट, सगळा एका वाड्यात, तीन पात्रं, चार दिवस, साठ शॉट. दिग्दर्शिका स्वतः वडीलधाऱ्या विधवेची भूमिका करते आहे, काळ शंभर वर्षांपूर्वीचा.

प्रत्येक शॉटचे चार टेक धरले, म्हणजे तोच शॉट चारदा घेतला, तर २४० टेक होतात. प्रत्येक टेकनंतर बाई मॉनिटरपाशी, म्हणजे कॅमेऱ्यातलं चित्र दाखवणाऱ्या पडद्यापाशी, आल्या, टेक पाहिला, परत जागेवर गेल्या, यात दोन मिनिटं गेली तरी ४८० मिनिटं झाली. म्हणजे आठ तास. चारातला एक अख्खा दिवस नुसता स्वतःला पाहण्यात गेला. नुकसान वेळेपुरतं नसतं. मॉनिटरवर स्वतःला पाहून आलेली नटी पुढच्या टेकला समोरच्या पात्राचं ऐकत नाही, मघाशी दिसलेला आपला चेहरा दुरुस्त करत बसते. म्हणून शॉट बसवताना एकदा आणि टेक पसंत पडल्यावर एकदा, एवढंच पाहायचं. मधल्या टेकसाठी दुसरं माणूस लागतं.

हे दुसरं माणूस कोण, याचं उत्तर चुकलं की सगळं चुकतं. छायाचित्रकार नको, त्याचं लक्ष फोकस आणि उजेडावर असतं. सहाय्यक दिग्दर्शकही नको, तो एका शॉटचं दुसऱ्याशी सातत्य आणि वेळ बघत असतो. तालमी पहिल्यापासून पाहिलेलं, शक्यतो नाटकातलंच, बाईंच्या समोर खरं बोलू शकणारं एक माणूस फक्त त्यांच्या अभिनयासाठी मॉनिटरपाशी बसवावं. त्याने तीनच शब्द वापरायचे: जास्त, कमी, पुन्हा. कारणमीमांसा करायची नाही. कारण सांगितलं की नटीतली दिग्दर्शिका जागी होते आणि वाद सुरू होतो. मंडळातल्या वयाने लहान मुलाला हे काम दिलं तर तो ‘छान झालं ताई’ याशिवाय काही बोलणार नाही. बरोबरीच्या किंवा वडीलधाऱ्या माणसालाच ते सांगावं.

‘कट’ही बाईंनी म्हणायचा नाही, सहाय्यकाने म्हणायचा. स्वतः कट म्हणायची जबाबदारी असलेल्या नटीच्या डोळ्यांत शेवटच्या दोन-तीन सेकंदांत दिग्दर्शिका दिसायला लागते, आणि समोरच्या नटाला ते लगेच कळतं. त्याचं वाक्य चालू असताना आपल्याला तपासलं जातंय असं त्याला वाटतं आणि तो आखडतो. तन्वी-वयाची नवी मुलगी समोर असेल तर हा परिणाम दुप्पट. त्यासाठी तिचे क्लोजअप घेताना बाईंनी कॅमेऱ्याच्या बाजूला पात्र म्हणून बसून पूर्ण संवाद म्हणावेत, नुसती नजर देऊ नये. सूचना द्यायची ती टेक संपल्यावर, बाजूला नेऊन, हळू आवाजात.

आणि स्वतःचे क्लोजअप कधी घ्यायचे? पहिल्यांदा दिग्दर्शन करणाऱ्या नट्या हमखास ते शेवटी ठेवतात. आधी बाकीच्यांचं होऊ दे, माझं काय, मी करून टाकीन. मग चौथ्या दिवशी संध्याकाळी उजेड चाललाय, लोक दमलेत, आणि मावशीचा सगळ्यात अवघड क्षण दोन टेकमध्ये उरकला जातो. चित्रीकरणाच्या चार दिवसांतल्या दुसऱ्या दिवशी सकाळी पहिलं काम बाईंचे क्लोजअप, असं वेळापत्रकातच लिहून टाकावं. पहिला दिवस नको, त्या दिवशी माणसं एकमेकांना सरावलेली नसतात.

दिवे लावताना बाईंच्या जागी उभं राहायला त्यांच्याच उंचीची, त्याच रंगाची साडी नेसलेली एक बाई लागते. ही चैन वाटते, पण तिच्यामुळे दिग्दर्शिका वीस मिनिटं कॅमेऱ्यातून स्वतःची जागा पाहू शकते. एवढ्या एका गोष्टीने निम्मा गोंधळ कमी होतो.

तालमींना किमान बारा दिवस द्यावेत. पहिले पाच वाचनाचे, पुढचे चार प्रत्यक्ष वाड्यात हालचालींचे, शेवटचे तीन मोबाइलवर चित्रीकरण करून. शेवटच्या तीन दिवसांत बाईंच्या जागी दुसरी कोणीतरी मावशी वाचेल आणि बाई मागे बसतील, असं एकदा तरी करावं. पूर्ण दृश्य बाहेरून बघायची तेवढीच संधी त्यांना मिळते.

चित्रीकरण गोष्टीच्या क्रमाने होत नाही, त्यामुळे भूमिकेची चढण हरवते. यासाठी एक ताव पुरतो. दृश्य क्रमांक, गोष्टीतला दिवस, चित्रीकरणाचा दिवस, दृश्याच्या सुरुवातीला मावशीची अवस्था एक ते दहा, शेवटी किती, अंगावर काय, हातात काय. रंगमंचावरच्या नटीला हा ताव आधी नकोसा वाटतो, कारण नाटकात पहिला अंक तिसऱ्याला आपोआप घेऊन जातो. इथे तिसरा अंक सोमवारी आणि पहिला बुधवारी असतो.

वाडा

बडोद्यातला तांबेकर वाडा सगळ्यांच्या डोळ्यासमोर येतो. त्याच्या भिंतींवरची चित्रं पाहिली की मोह आवरत नाही. पण तो केंद्रीय संरक्षित स्मारक आहे; तिथे चित्रीकरणाला पुरातत्त्व सर्वेक्षण विभागाची आगाऊ परवानगी आणि शुल्क लागतं, शिवाय भिंतीला टेकूनही काही लावता येत नाही. छोट्या मंडळाने राहता किंवा नुकताच रिकामा झालेला खाजगी वाडा पाहावा. तिथली मेख वेगळी: मालक एक नसतो. काका इथे, एक चुलत भाऊ पुण्याला, एक बहीण अमेरिकेत. ज्यांच्या हातात किल्ली आहे त्यांचा होकार पुरेसा धरला जातो आणि दुसऱ्या दिवशी फोन येतो की आम्हाला विचारलं का? सगळ्या हिस्सेदारांची लेखी संमती, तारखा आणि वापरायच्या खोल्यांसकट, चित्रीकरणाच्या पंधरा दिवस आधी हातात हवी.

खोल्यांची मापं स्वतः टेप लावून घ्या. दहा बाय बाराचं माजघर डोळ्याला मोठं वाटतं. एपीएस-सी, म्हणजे मध्यम आकाराच्या सेन्सरच्या कॅमेऱ्यावर ५० मिलिमीटरची लेन्स लावून उभ्या माणसाला डोक्यापासून पायापर्यंत घ्यायचं, म्हणजे चौकटीत साधारण साडेसहा फूट उंची बसवायची, तर पंचवीस फूट मागे जावं लागतं. माजघरात ते शक्य नाही. २४ मिलिमीटरला बारा फूट लागतात, १८ ला नऊ. म्हणजे माजघरात पूर्ण उभा शॉट रुंद लेन्सनेच निघेल आणि कडेची माणसं ताणलेली दिसतील. ते नको असेल तर दृश्यच पात्रं बसलेली आहेत असं लिहा. जुन्या घरातल्या बायका माजघरात बसूनच बोलत, ते दिसायलाही खरं दिसतं. नाहीतर दार उघडं ठेवून कॅमेरा सोप्यावर न्या. चौकट आपोआप दाराची मिळते.

चौकातला उजेड हा वाड्याचा जीव. बडोदं साधारण २२.३ अंश उत्तर अक्षांशावर आहे. डिसेंबरच्या शेवटी भर दुपारीही सूर्य ४४ अंशांवरच असतो, त्यामुळे दक्षिणेची भिंत वीस फूट उंच असेल तर तिची सावली चौकात वीस फुटांपर्यंत येते. चौक वीस फुटांचाच असेल तर जमिनीवर ऊन उतरतच नाही. फेब्रुवारीच्या मध्याला ही सावली चौदा फुटांवर येते, मार्चच्या एकविसाव्याला आठ फुटांवर. शिवाय बडोद्यात सूर्य डोक्यावर येतो तो बाराला नव्हे, साडेबारा ते पाऊणच्या सुमाराला. चौकात ऊन पडलेलं हवं असेल तर फेब्रुवारीचा मध्य ते मार्चचा मध्य हा काळ आम्ही सुचवतो. एप्रिलनंतर ऊन सरळ डोक्यावरून येतं आणि डोळ्यांच्या खोबणी काळ्या पडतात. मावशीच्या वयाच्या चेहऱ्याला तर ते फारच निर्दय होतं. वरून पांढरी चादर ताणल्याशिवाय क्लोजअप घेऊ नये.

तारखा ठरवताना गावही पाहावं लागतं. उत्तरायणाच्या आगेमागे आकाशात पतंग आणि गच्च्यांवर लाउडस्पीकर. १० ते १६ जानेवारी सोडूनच द्यावी. नवरात्रात रात्रीचं ध्वनिमुद्रण विसरा. गणपतीत दांडिया बाजारात ढोल असतात. फेब्रुवारी-मार्चमध्ये परीक्षांमुळे लाउडस्पीकर थोडे आवरलेले असतात, पण लग्नांच्या वराती असतात. संवादाची दृश्यं सकाळी सहा ते नऊ, हालचालींची दुपारी, असं वाटून घेतलं की बरंच निभतं. प्रत्येक खोलीचा नुसता आवाज, कोणी न बोलता, तीस सेकंद तरी मुद्रित करून ठेवावा. संकलनात तुकडे जोडताना तो लागतोच. घरातला फ्रिज बंद करताना गाडीची किल्ली त्यात ठेवायची, म्हणजे तो परत चालू केल्याशिवाय कोणी घरी जात नाही. यजमानांचं दूध नासलं की दुसऱ्या दिवशी वाडा मिळत नाही.

आणि झोपाळा. बडोद्याच्या घरात झोपाळा असायचाच, आणि मावशीला त्यावर बसवायचा मोह प्रत्येक दिग्दर्शिकेला होतो. पितळी कड्यांचा कुरकुर आवाज प्रत्येक संवादात शिरतो. कड्यांना आदल्या रात्री खोबरेल लावावं आणि आवाज हवाच असेल तर वेगळा मुद्रित करावा. दुसरी अडचण सातत्याची: कोणत्या शब्दाला झोपाळा पुढे होता आणि कोणत्याला मागे, हे जुळलं नाही तर दोन शॉट जोडताच येत नाहीत. स्वतः त्यावर बसलेल्या दिग्दर्शिकेला हे मोजता येणार नाही. पाय जमिनीला टेकवून झोपाळा स्थिर ठेवा, आणि दृश्यात एकदाच, ठरलेल्या शब्दावर, झोका द्या. तो एक झोका लक्षात राहील.

आलवण

त्या काळच्या केशवपन झालेल्या विधवेचं आलवण, म्हणजे तिचं लुगडं, लाल. डिजिटल कॅमेऱ्याला हा रंग जड जातो. पिवळ्या दिव्यांत लाल रंगाची मात्रा आधी भरून वाहते आणि कापडावरच्या घड्या दिसेनाशा होतात. नुसता एक लाल डाग बोलतो आहे असं वाटतं. चित्रीकरणाआधी त्याच खोलीत, त्याच दिव्यांत चाचणी घ्या, कॅमेऱ्यातल्या रंगांच्या आलेखात लाल रंग वेगळा बघा, आणि गरज पडल्यास अर्धा ते एक स्टॉप (एक स्टॉप म्हणजे उजेड निम्मा) उजेड कमी धरा. कापड जाडं सुती घ्यावं आणि तीनदा धुवावं. नव्या कापडाची खळ चमकते. पदर कपाळावर कुठपर्यंत आला आहे याचा मोबाइलवर फोटो प्रत्येक टेकनंतर काढायला एक माणूस नेमावं. टकलाची टोपी वापरली असेल तर तिची कड कपाळावर आणि कानामागे दिसते. पदर भुवयांच्या वर दोन बोटं ठेवला आणि कॅमेरा समोरून घेतला तर ती झाकली जाते, बाजूने घेतला तर उघडी पडते.

एक कायद्याचं. ‘बॅरिस्टर’ किंवा तसं कोणतंही नाटक लघुपटासाठी घेणार असाल तर प्रयोगाची परवानगी चालत नाही, चित्रपटासाठीची वेगळी लेखी परवानगी लागते. लेखकाच्या निधनानंतर साठ वर्षं हक्क चालू राहतात. दळवी १९९४ साली गेले. त्यांचं लेखन २०५४ अखेरपर्यंत हक्कांत आहे. स्वतःची गोष्ट लिहिणं केव्हाही सोपं, आणि ती बडोद्यातली असेल तर बोलीतला गुजरातीचा शिरकाव पुसू नये. त्या वाड्यात ती माणसं तशीच बोलत होती.

संकलनाला बसण्याआधी दोन-तीन आठवडे जाऊ द्यावेत. मावशीचे टेक निवडायचं काम पहिल्यांदा मॉनिटरपाशी बसलेल्या त्याच माणसाकडे द्यावं. पहिली जुळणी करताना मावशीचा एकही क्लोजअप लावू नये. तिचं बोलणं ऐकू येत असताना समोरच्या मुलीचा चेहरा ठेवावा. मग पूर्ण लघुपट एकदा सलग पाहावा आणि जिथे मावशीचा चेहरा पाहायची अगदी गरज वाटते तिथे खूण करावी. वीस मिनिटांत अशा चार-पाच खुणा येतात. क्लोजअप तेवढेच घालावेत.